आधी कविता, मग कॅमेरा

'जगात जर्मनी, भारतात परभणी' हे आमच्याकडे कुणीही कुणालाही ऐकवतो; निम्मं अभिमानानं आणि निम्मं स्वतःचीच खेचत. बढाई म्हणून ती चालून जाते, कारण काही बाबतींत परभणीचं माप खरंच मोठं आहे. जनाबाई गंगाखेडच्या. बी. रघुनाथ तेव्हाच्या परभणी जिल्ह्यातल्या सातोन्याचे. इंद्रजित भालेराव यांच्या 'पीकपाणी'नं मराठी कवितेत शेतातली बोली मानानं बसवली, ती याच शहरात राहून. आसाराम लोमटे यांच्या 'आलोक' या कथासंग्रहाला २०१६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, तेव्हा इथल्या कोरडवाहू गावातलं राजकारण, भाऊबंदकी आणि मजुरी देशभरात पोचली. लिहिणाऱ्यांची कमतरता या जिल्ह्याला कधी नव्हती. सिनेमाच्या पडद्यावर मात्र परभणी फारशी दिसत नाही.

असं का, याचं एक उत्तर पैशात आहे, दुसरं इतिहासात. तिसरं उत्तर शोधताना एकच माणूस लिहितो, दिग्दर्शन करतो आणि कॅमेऱ्यासमोरही उभा राहतो, या प्रकाराकडे वळावं लागतं. मुंबई-पुण्यात त्याला हौस म्हणतात, कधी अहंकारही म्हणतात. आमच्यासारख्या भागात ती बहुतेक वेळा गरज असते. या गरजेचं सगळ्यात ठळक मराठी उदाहरण आमच्या जिल्ह्यातलं नाही, पण लांबचंही नाही. सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्याची हद्द मराठवाड्यातल्या परंड्याला लागते. त्या तालुक्यातल्या जेऊरचे नागराज मंजुळे कवी म्हणून सुरू झाले आणि दिग्दर्शक, नट, निर्माता असे होत गेले. हा लेख त्यांच्या वाटेविषयी आहे, आणि त्या वाटेवरून परभणीला काय दिसतं त्याविषयीही.

१९१३ : दोन सुरुवाती

त्यासाठी आधी थोडं मागे जाऊ. ३ मे १९१३ रोजी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' लोकांसमोर आला. त्र्यंबकेश्वरच्या दादासाहेब फाळक्यांनी लेखनापासून फिल्म धुण्यापर्यंत जवळपास सगळा व्याप घरातून उचलला होता. त्याच वर्षी स्वीडनमध्ये व्हिक्टर स्योस्त्रोम या रंगभूमीवरून आलेल्या दिग्दर्शकानं 'इंगेबॉर्ग होम' केला. नवरा वारल्यावर कर्जात बुडालेल्या, मुलं हिरावली गेलेल्या बाईची ती कथा. तिच्यामुळे स्वीडनमध्ये गरिबांसाठीच्या कायद्यावर वाद झडला.

स्योस्त्रोम तिन्ही कामं करायचा. १९२१ च्या 'द फँटम कॅरेज'चं दिग्दर्शन त्याचं, पटकथा त्याची आणि दारूपायी घर उद्ध्वस्त करणारा नायकही तोच. पण मूळ गोष्ट सेल्मा लागरलॉफ या नोबेल विजेत्या लेखिकेच्या कादंबरीतली होती. स्वीडिश मूकपटांचा सुवर्णकाळ म्हणतात तो मोठ्या प्रमाणात त्या देशाच्या ग्रामीण साहित्यावर उभा राहिला. लेखिका होती, नट-दिग्दर्शक होता आणि दोघांवर पैसा लावणारी चित्रसंस्थाही होती. पुढे तो हॉलिवूडला गेला, 'द विंड'सारखा चित्रपट केला, मायदेशी परतला. १९५७ साली इंगमार बर्गमननं 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज'मधल्या म्हाताऱ्या प्राध्यापकाच्या भूमिकेसाठी त्यालाच उभं केलं, तेव्हा तो ७८ वर्षांचा होता. दिग्दर्शक म्हणून गाजलेल्या माणसाला जग आज त्या एका सुरकुतलेल्या चेहऱ्यासाठीही ओळखतं.

आपल्याकडे साहित्य आणि सिनेमा यांची अशी गाठ कोल्हापुरात पडली. बाबुराव पेंटरांनी १९२५ साली नारायण हरी आपट्यांच्या कथेवर 'सावकारी पाश' केला आणि कर्जापायी जमीन गमावणारा तरुण शेतकरी म्हणून व्ही. शांताराम उभे राहिले. १९२९ मध्ये प्रभात कंपनी कोल्हापुरात सुरू झाली, १९३३ मध्ये पुण्याला गेली. मराठी बोलपटाची भाषा या दोन शहरांत घडली.

परभणी तेव्हा निजामाच्या राज्यात होती. वरच्या शिक्षणाची आणि कारभाराची भाषा उर्दू होती. 'गश्ती निशान ५३' या फर्मानानं सभा-संमेलनांना परवानगीची अट घातली होती. सावकार इथंही होता, पाश तर जास्तच आवळलेला होता. त्यावर सिनेमा काढणारं कुणी नव्हतं. बी. रघुनाथ निजाम सरकारच्या बांधकाम खात्यात कारकुनी करत कविता, कथा आणि 'आडगावचे चौधरी'सारखी कादंबरी लिहीत राहिले आणि १९५३ साली ऐन चाळिशीत गेले. मुंबई राज्यानं नाट्य स्पर्धा सुरू केली ती १९५४ मध्ये. परभणी त्या राज्यात आली १ नोव्हेंबर १९५६ ला. कागद-पेन्सिलीत भागणारी कला तेवढी इथं वाढली. भांडवल, यंत्र आणि माणसांचा ताफा लागणारी कला रेल्वेनं येणाऱ्या रिळांतूनच दिसत राहिली.

सबकुछ एकटा

एकानंच सगळं करण्याची परंपरा मराठीत जुनी आहे. १९५३ च्या 'गुळाचा गणपती'त कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका सगळं पु. ल. देशपांड्यांचं. 'सबकुछ पु. ल.' हा शब्दप्रयोग तिथूनच रूढ झाला, आणि पु. लं. नी त्यानंतर बराच काळ सिनेमाकडे पाठ फिरवली. दादा कोंडक्यांनी वसंत सबनीसांच्या 'विच्छा माझी पुरी करा'चा सोंगाड्या आधी रंगमंचावर मुरवला. भालजी पेंढारकरांच्या 'तांबडी माती'तून ते पडद्यावर आले, 'सोंगाड्या'चे निर्माते-नायक झाले आणि 'पांडू हवालदार'पासून स्वतः दिग्दर्शन करू लागले. प्रेक्षक कुठल्या शब्दाला हसतो हे त्यांना हजारभर प्रयोगांनी शिकवलं होतं. ते ज्ञान दुसऱ्याला समजावत बसण्यापेक्षा खुर्चीत स्वतः बसणं सोपं होतं.

याच्याही मागे गेलं तर आपला कीर्तनकार दिसतो. परभणी जिल्ह्यात सप्ता नाही असं गाव सापडणार नाही. उत्तररंगात आख्यान लावणारा बुवा एका दमात हरिश्चंद्र होतो, तारामती होतो, डोंबही होतो. कुठं थांबायचं, कुठं मृदंग उचलायचा, कुठं विठ्ठल म्हणून श्रोत्यांना ओढायचं, हे तोच ठरवतो. लेखक, नट आणि दिग्दर्शक ही वाटणी त्याला कधी शिकवावी लागली नाही. गावाकडचा पोरगा सिनेमाकडे जातो तेव्हा ही शिदोरी त्याच्याजवळ असते, मग तो देव मानो न मानो.

जेऊरचा कवी

नागराज पोपटराव मंजुळे यांचा जन्म १९७७ चा, वडार समाजातल्या कुटुंबात. दगड फोडणाऱ्या समाजातून आलेल्या या मुलानं पुणे विद्यापीठात मराठी घेऊन एम. ए. केलं. 'उन्हाच्या कटाविरुद्ध' या त्यांच्या कवितासंग्रहाला सोलापूरचा भैरूरतन दमाणी पुरस्कार मिळाला. नंतर नगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयात संज्ञापनाचं शिक्षण आणि त्या ओघात 'पिस्तुल्या' हा लघुपट. शाळेत जाऊ पाहणाऱ्या भटक्या समाजातल्या पोराची ही गोष्ट पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार घेऊन आली. त्यातला सूरज पवार पुढे मंजुळ्यांच्या पहिल्या चित्रपटात, 'फॅन्ड्री'त, नायक जब्याचा दोस्त पिऱ्या झाला.

हा क्रम महत्त्वाचा आहे. कविता आधी आली, कारण तिला भांडवल लागत नाही. पण कवितेनं एक शिस्तही लावली: कमी शब्दांत बोलायचं आणि एका वस्तूवर पूर्ण भार टाकायचा. 'फॅन्ड्री' काळी चिमणी, डुक्कर आणि दगड या तीन गोष्टींवर उभा आहे. जब्याला शालू आवडते. काळ्या चिमणीची राख अंगावर टाकली की माणूस वश होतो, या वेड्या आशेवर तो रानोमाळ गलोल घेऊन फिरतो. गावाला मात्र त्याच्या घरच्यांकडून डुकरं धरून हवी आहेत. डुकराच्या मागे धावताना शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं आणि सगळं कुटुंब जागच्या जागी खिळतं; डुक्कर थोडंच थांबणार? मारलेलं डुक्कर काठीला टांगून नेताना मागच्या भिंतीवर फुले, आंबेडकर, शाहू महाराज असतात. यावर कुणी एक वाक्य बोलत नाही. शेवटी जब्यानं भिरकावलेला दगड थेट कॅमेऱ्याकडे येतो. ही कवीची रचना आहे. गोष्ट सांगणाऱ्या सराईत पटकथाकारानं कदाचित तिथं एक भाषण घातलं असतं.

१४ फेब्रुवारी २०१४ ला 'फॅन्ड्री' महाराष्ट्रभर लागला. प्रेमाचा दिवस निवडण्यात खोच होतीच. दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठीचा इंदिरा गांधी पुरस्कार त्याला मिळाला आणि जब्या झालेल्या सोमनाथ अवघडेला बालकलाकाराचा. सोमनाथ करमाळा तालुक्यातल्या केमचा, हलगी वाजवणारा पोरगा. बापाच्या, कचरूच्या भूमिकेत किशोर कदम होते, म्हणजे कवी सौमित्र. एका कवीच्या सिनेमात दुसरा कवी पाठ वाकवून डुकरं हाकतो आहे, हे प्रेक्षकाला ठाऊक असायची गरज नाही. पण त्या बापाच्या न बोलण्यात जे वजन आहे, ते शब्दांचं मोल जाणणाऱ्या माणसाकडून आलं आहे.

स्वतः मंजुळे त्यात चंक्या झाले. सायकलचं दुकान चालवणारा, गावानं अर्धवट ठरवलेला, जब्याच्या डोक्यात त्या राखेचं खूळ घालणारा. जब्याचा कैवारी किंवा शाळेतला समंजस मास्तर होणं सहज शक्य होतं. लेखणी त्यांच्याच हातात होती. त्यांनी निवडला तो हरलेला माणूस, ज्याच्याकडे पोराला द्यायला एक खोटी आशा तेवढी आहे. लेखकानं स्वतःला कुठली भूमिका दिली यावरून त्याची नियत कळते. पुढे सुधाकर रेड्डी यक्कंटी दिग्दर्शित 'नाळ'मध्ये (२०१८) मंजुळे बालनायक चैत्याचा बाप झाले. संवादही त्यांचेच होते. उमेश कुलकर्णींचा 'हायवे', गजेंद्र अहिरेंचा 'द सायलेन्स' यांत ते दुसऱ्यांच्या हाताखाली नट म्हणून उभे राहिले. हेमंत अवताडे दिग्दर्शित 'घर बंदूक बिरयाणी'त (२०२३) पोलीस अधिकारी झाले. दिग्दर्शकाची खुर्ची दुसऱ्याला देता येणं, हीसुद्धा या तिहेरी कामातली एक परीक्षा असते.

बोलीला नायकपण

मराठवाडी माणूस पडद्यावर बराच काळ हसवायला यायचा. मकरंद अनासपुरे यांनी औरंगाबादच्या मातीतला तो हेल लोकप्रिय केला. 'कायद्याचं बोला', 'गल्लीत गोंधळ दिल्लीत मुजरा' अशा चित्रपटांतून त्यांनी त्या बोलीला बेरकीपणा दिला, राजकारण्यांची फिरकी घेण्याची ताकद दिली, पुढे 'डँबिस'चं दिग्दर्शनही केलं. हे काम मोठं आहे. तरी या भागातल्या शब्दात प्रेमही करता येतं, कुणाला दरडावता येतं, मरताही येतं, हे प्रेक्षकाच्या गळी उतरायला २९ एप्रिल २०१६ उजाडावं लागलं.

मंजुळ्यांचा 'सैराट' लागला तो उन्हाळा मराठवाड्यात दुष्काळाचा होता. लातूरला रेल्वेनं पाणी आणलं जात होतं. अशा दिवसांत तरुण पोरं थेटरात 'झिंगाट'वर नाचत होती. मराठी सिनेमाच्या कमाईचे तोवरचे आकडे या चित्रपटानं मागे टाकले. बर्लिन महोत्सवात तो आधीच दाखवला गेला होता. अकलूजच्या शाळकरी रिंकू राजगुरूला राष्ट्रीय पुरस्कारात विशेष उल्लेख मिळाला. कन्नड, पंजाबी आणि हिंदीत त्याच्या आवृत्त्या निघाल्या. हिंदीतली 'धडक' २०१८ ची. बोली काढून टाकल्यावर त्या गोष्टीचं काय उरतं, हे 'धडक' पाहणाऱ्यांनी आपापल्या परीनं ठरवलं.

परभणीच्या प्रेक्षकासाठी 'सैराट'मध्ये आणखी एक ओळखीची गोष्ट होती. त्यातले नायिका-नायक आर्ची आणि परश्या पळून जातात ते मुंबईला नाही, हैदराबादला. मराठी सिनेमातले पळणारे प्रेमी सहसा मुंबईची गाडी धरतात. आमच्या बाजूचा माणूस मात्र अजूनही मनमाड-सिकंदराबाद मार्गावर राहतो. दवाखाना, मजुरी, नातेवाईक यांसाठी हैदराबाद त्याच्या हाताशी असतं. झोपडपट्टीतली खोली, डोशाची गाडी, न कळणारी तेलुगू आणि त्यातही हळूहळू रुळणारा संसार. पाटलाची पोर आणि मासे धरणाऱ्याचा पोरगा यांच्या प्रेमाला पटकथा तिथं निवांतपणे वेळ देते. शेवटचा आघात बसतो तो त्या निवांतपणामुळे. त्या शेवटात संगीत नाही. अजय-अतुल यांच्या गाण्यांवर आख्खं राज्य नाचवलेल्या चित्रपटानं शेवटी आवाजच काढून घ्यावा, याला धाडस लागतं. पटकथा आणि दिग्दर्शन एकाच डोक्यात असलं की हे धाडस कुणाला पटवून द्यावं लागत नाही.

पुढचा 'पावसाचा निबंध' (२०१७) पुन्हा लघुपट. घर गळतं आहे आणि पोराला शाळेत पावसावर निबंध लिहायचा आहे. कथाबाह्य विभागात उत्कृष्ट दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. एवढं व्यापारी यश पदरात पडल्यावर लघुपटाकडे वळणारे दिग्दर्शक कमी. मग २०२२ चा 'झुंड', नागपुरात झोपडपट्टीतल्या मुलांना फुटबॉल शिकवणाऱ्या विजय बारसे यांच्या कामावर बेतलेला हिंदी चित्रपट. त्यात अमिताभ बच्चन आंबेडकर जयंतीच्या मिरवणुकीच्या गर्दीत उभे दिसतात. हिंदीतल्या सगळ्यात मोठ्या ताऱ्याला आंबेडकरांच्या तसबिरीपुढे उभं करणं हा त्या सिनेमातला सगळ्यात मोठा संवाद आहे, आणि तोही न बोललेला.

परभणीची शाखा

आमच्या शहरातून याच वाटेवर निघालेलं आजचं ठळक नाव संकर्षण कऱ्हाडे यांचं. त्यांचं काम सिनेमापेक्षा रंगमंचावर आणि छोट्या पडद्यावर जास्त आहे, पण क्रम तोच. 'माझी तुझी रेशीमगाठ'मधला समीर म्हणून घराघरात ते नट म्हणून पोचले. 'आम्ही सारे खवय्ये' आणि 'किचन कल्लाकार'नं निवेदक केलं. त्याच सुमारास ते नाटकं लिहीत होते: प्रसाद ओक यांनी दिग्दर्शित केलेलं 'तू म्हणशील तसं', चंद्रकांत कुलकर्णी यांनी दिग्दर्शित केलेलं 'नियम व अटी लागू'. प्रशांत दामले आणि वर्षा उसगांवकर यांच्या 'सारखं काहीतरी होतंय'चं लेखन आणि दिग्दर्शन दोन्ही त्यांचं. आणि या सगळ्याच्या तळाशी कविता आहे. स्पृहा जोशी यांच्यासोबतच्या 'संकर्षण व्हाया स्पृहा'मध्ये ती तिकीट काढून ऐकली जाते.

मंजुळे आणि कऱ्हाडे यांच्यात साम्य शोधणं अनेकांना पटणार नाही. एकाचा विषय जातीचा जाच, दुसऱ्याचा शहरी नवरा-बायकोतली धुसफूस आणि जिव्हाळा. एकाची मांडणी टोचते, दुसऱ्याची गुदगुल्या करते. त्यांचे प्रेक्षकही पुष्कळ अंशी वेगळे. तरी दोघं निघाले त्या ठिकाणी स्टुडिओ नव्हता, ओळखीचा निर्माता नव्हता. होती ती वही आणि चार माणसांसमोर उभं राहून वाचण्याची सवय. कविता वाचणारा आपोआप थोडा नट होतो. कुठल्या ओळीनंतर थांबायचं हे ठरवताना तो थोडा दिग्दर्शकही होतो.

शेजारच्या जालना जिल्ह्यानं दुसरी वाट दाखवली. जांब समर्थचे राजकुमार तांगडे शेती करत नाटकं लिहिणारे. त्यांचं 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' नंदू माधव यांनी दिग्दर्शित केलं, संकल्पना आणि गाणी संभाजी भगत यांची, आणि रंगमंचावर जालन्याकडची शेतकरी मंडळी. ते मुंबई-पुण्यात गर्दीनं चाललं. बोली सुधारून घेण्याची गरज कुणाला वाटली नाही.

कुठं अडतं

मग परभणीत नेमकं अडतं कुठं? राज्य हौशी नाट्य स्पर्धेचं केंद्र इथं आहे. बी. रघुनाथांच्या नावानं साहित्याचे कार्यक्रम होतात. हातातल्या फोनवर चित्रण होतं, त्यावरच कापाकापी होते. दरवर्षी कॉलेजातली मुलं लघुपट काढतात. त्यातले पुष्कळसे शेतकरी आत्महत्येवर असतात आणि पुष्कळसे सारखेच दिसतात: भेगाळलेली जमीन, झाडाला दोर, मागं बासरी. विषय खरा असतो. बघितलेलं मात्र कुणीतरी आधी बघितलेलंच असतं.

इथं मंजुळ्यांच्या वाटेचा उपयोग आहे, आणि तो पुरस्कारांच्या यादीत सापडणार नाही. त्यांनी जेऊर-करमाळ्याबाहेरचं फार काही शोधायला जाण्याआधी तिथलीच डुक्कर धरण्याची रीत, विहिरीतलं पोहणं, जत्रेतली हलगी, बुलेटवरची पोरगी इतकी बारकाईनं लिहून काढली की कॅमेऱ्याला फक्त तिथं जाऊन उभं राहायचं होतं. परभणीकडे असं लिहून ठेवलेलं साहित्य आयतं पडून आहे. लोमट्यांच्या कथांमध्ये गावच्या निवडणुकीतला डाव, मजुराची अडवणूक, पोराच्या शिक्षणापायी होणारी ओढाताण इतक्या तपशिलानं आली आहे की अर्धी पटकथा तिथंच झालेली आहे. कापसाचं जिनिंग, गोदाकाठचं वाळूचं राजकारण, ऊसतोडीला निघणारे ट्रॅक्टर, फेब्रुवारीतला तुराबुल हक दर्ग्याचा उरूस आणि त्यातली हिंदू-मुसलमानांची सरमिसळ गर्दी: यातलं काय मराठी सिनेमानं नीट पाहिलं आहे?

स्वीडनमध्ये लागरलॉफच्या कादंबऱ्या आणि स्योस्त्रोमचा कॅमेरा यांना एकत्र आणणारी संस्था होती. आमच्याकडे ती व्हायला मुंबईची चित्रनगरी लागत नाही. मराठीच्या वर्गात जी कथा परीक्षेपुरती शिकवली जाते, तिची त्याच महाविद्यालयात पटकथा करायला लावता येते. नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या संघांना लघुपट विभाग देता येतो. लेखक इथलाच असल्यानं त्याला समोर बसवून, कथेतलं कुठलं वाक्य चित्रात जाईल आणि कुठलं गळेल यावर भांडता येतं. हे सगळं एका पोरानं एकट्यानं करायचं ठरवलं तरी चालेल. मंजुळ्यांनी सुरुवात तशीच केली. फक्त त्यानं फोन हातात घेण्याआधी आपल्या गल्लीतल्या एका माणसावर दोन पानं लिहावीत, ती मोठ्यानं वाचावीत आणि ज्या ओळीला ऐकणारा चुळबुळतो ती खोडावी. जमलं, तर निम्मं दिग्दर्शन तिथंच झालेलं असेल. नाही जमलं, तर महागातला कॅमेराही काही वाचवणार नाही.